इंदूरच्या सराफ्यात खाण्यासाठी गाइड घ्यावा का?

शर्वरी_ठाणे

नमस्कार. डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात आम्ही चौघे, म्हणजे मी, यजमान, ११ वर्षांची मुलगी आणि ७२ वर्षांच्या सासूबाई, तीन दिवसांसाठी इंदूरला जाणार आहोत. अवंतिका एक्स्प्रेसची तिकिटे काढून झाली आहेत आणि राजवाड्यापासून फार लांब नसलेल्या एका हॉटेलात खोल्या घेतल्या आहेत. एक दिवस महेश्वरसाठी राखून ठेवला आहे. उरलेले दोन दिवस, खरे सांगायचे तर, खाण्यासाठीच आहेत.

रात्रीच्या सराफा बाजारात गाइडबरोबर पायी फिरत खाण्याचा कार्यक्रम, ज्याला हल्ली सगळे फूड वॉक म्हणतात, तिथे काही जण चालवतात. मी ज्यांच्याकडे चौकशी केली त्यांनी माणशी १,५०० रुपये सांगितले. त्यात तीन तासांची फेरी, 'किमान दहा पदार्थ' आणि पाण्याची बाटली येते. चौघांचे ६,००० रुपये होतात आणि त्यावरून आमच्या घरात दोन तट पडले आहेत. हातगाडीवर खायला जाताना पैसे मोजून सोबत माणूस कशाला न्यायचा, जिथे गर्दी दिसेल तिथे उभे राहावे आणि खावे, असे यजमानांचे म्हणणे आहे. माझा अनुभव मात्र निराळा आहे. गेल्या वर्षी अहमदाबादच्या माणेक चौकात आम्ही असेच गर्दी पाहून उभे राहिलो, पहिल्याच ठिकाणी लोण्यात न्हालेली पावभाजी चौघांनी चार बशा खाल्ली, आणि नंतर तासभर उरलेला चौक नुसता बघत हिंडलो. मुलगी आजही त्यावरून आम्हाला टोमणे मारते.

सासूबाईंचे गुडघे दुखतात, त्यामुळे एका जागी पंधरा मिनिटांपेक्षा जास्त वेळ उभे राहणे त्यांना जमत नाही. त्यांना गोड बेताने खावे लागते. मुलीला तिखट सोसत नाही. अशा चौकडीने गाइड घ्यावा का, घ्यायचा तर त्याला आधी काय विचारावे, आणि नाही घेतला तर दोन दिवसांत कशामागून काय खावे, हे जाणकारांनी सांगावे ही विनंती.

रामबागकर

शर्वरीताई, आमचे घर चार पिढ्यांपासून इंदुरात आहे, त्यामुळे माझे उत्तर पक्षपाती आहे हे आधीच मान्य करतो. सराफ्यासाठी गाइडची गरज नाही. सकाळच्या जुन्या शहरासाठी मात्र चांगला गाइड मिळाला तर जरूर घ्या. बहुतेक लोक नेमके याच्या उलट करतात.

सराफा ही राजवाड्याच्या मागची एक अरुंद गल्ली आहे. दिवसा तिथे सोन्याचांदीचा व्यापार चालतो. रात्री साडेआठ-नऊच्या सुमारास पेढ्यांची शटरे खाली येऊ लागतात आणि त्याच ओट्यांवर, त्याच शटरांसमोर कढया मांडल्या जातात. मग रात्री दीड-दोनपर्यंत भट्ट्या विझत नाहीत. बाजार रात्री जागा राहिला तर दुकानांची आपोआप राखण होते, म्हणून सराफांनीच खाऊवाल्यांना थारा दिला, असे आमच्याकडे जुने लोक सांगत आले आहेत. अलीकडे मात्र गॅसची सिलिंडरे आणि आगीची भीती यांवरून त्याच सराफांची कुरकुर चालू असते. सांगायचा मुद्दा असा, की या टोकापासून त्या टोकापर्यंत रमतगमत चालले तरी फार वेळ लागत नाही, त्यामुळे तिथे चुकायला जागाच नाही. गेल्या काही वर्षांत मोमो, नूडल्स, तोंडात जाळ घेऊन खायचे पान असल्या गोष्टींनी बरीच जागा अडवली आहे. त्या कोणत्याही शहरात मिळतात. त्यांच्यासमोरून सरळ पुढे निघून जाण्याचा निश्चय केलात, तर गाइडचे निम्मे काम तिथेच झाले म्हणून समजा.

आता क्रमाचे सांगतो. नवखा माणूस सराफ्यात शिरला की पहिल्यांदा जोशी यांच्या दहीवड्यासमोर उभा राहतो, कारण तिथे तमाशा असतो. दह्याने भरलेला द्रोण हवेत उडवून झेलायचा आणि मग एकाच चिमटीत पाच मसाले धरून एकेक वेगळा भुरभुरवायचा, ही तिथली प्रसिद्ध करामत. पाहण्यासारखी आहे यात वाद नाही. पण तो वडा चांगला भरीव असतो आणि वर दह्याचा मारा असतो. तो पहिल्यांदा खाल्लात तर तुमचा माणेक चौक होईल. म्हणून सुरुवात भुट्ट्याच्या किसाने करा. मक्याचे कोवळे कणीस किसून ते जिरे-मोहरी, हिंग आणि हिरवी मिरची यांच्या फोडणीत परततात, मग दूध घालून आटू देतात. वर ओले खोबरे, कोथिंबीर, लिंबू. मऊसर आणि किंचित गोडसर असल्यामुळे मुलीलाही चालेल. चौघांत दोन द्रोण पुरेत.

डिसेंबरात जाताय म्हणजे गराडू मिळणार, हे तुमचे नशीब. हा कोनफळाच्या कुळातला कंद आहे आणि तो फक्त हिवाळ्यात येतो. सोलताना हाताला खाज सुटते, म्हणून घरी करण्याच्या भानगडीत फारसे कोणी पडत नाही. गाडीवर त्याचे चौकोनी तुकडे एकदा तळून ढिगाने रचलेले असतात. तुम्ही मागितले की मूठभर तुकडे पुन्हा कडकडीत तेलात पडतात, बाहेरून खरपूस आणि आतून लोण्यासारखे मऊ होतात, आणि मग त्यांवर गराडूचा खास मसाला आणि लिंबू. गाडीवाल्याला "भिया, मसाला कम" एवढे म्हटले की तो मुलीसाठी वेगळा द्रोण करून देईल. भिया म्हणजे भय्या. इंदुरात लहानापासून थोरापर्यंत सगळे पुरुष भिया असतात.

त्यानंतर खोपरा पॅटिस, म्हणजे बटाट्याच्या आवरणात खोबऱ्याचे सारण भरून तळलेला गोळा, चौघांत दोन. मग दहीवडा, चौघांत एक किंवा फार तर दोन. जलेबा, म्हणजे हाताच्या पंज्याहून मोठी जिलबी, वजनावर मिळते. एकेक नग पाव किलोच्या पुढे जातो, तेव्हा अख्खा न घेता तोडून मागा. सासूबाईंसाठी एक इशारा देऊन ठेवतो. आमच्याकडची शिकंजी म्हणजे लिंबाचे सरबत नव्हे. ती दुधाची, घट्ट, सुक्या मेव्याने भरलेली आणि किंचित आंबूस असते. बेताने गोड खाणाऱ्या माणसाने 'सरबतच तर आहे' म्हणून मोठा पेला मागवू नये.

साबुदाण्याच्या खिचडीवर घरात वाद होण्याची शक्यता आहे. आमची खिचडी वाफेवरची. मोकळा पांढरा साबुदाणा मोठ्या पातेल्यात वाफेवर ठेवलेला असतो, आणि गिऱ्हाईक आले की त्यात मसाला, बटाट्याचा चिवडा, कोथिंबीर आणि लिंबू टाकून तुमच्यासमोर कालवतात. तुपाजिऱ्याच्या फोडणीची, दाण्याच्या कुटाची खिचडी ज्यांच्या जिभेवर बसली आहे, ते पहिल्या घासाला नाक मुरडतात. दुसऱ्या घासानंतर काय होते ते मी सांगत नाही.

सकाळच्या पोह्यांबद्दल थोडे विस्ताराने लिहितो, कारण मराठी पाहुणे इथेच फसतात. आपण कांदेपोहे करतो तेव्हा कांदा आणि दाणे फोडणीत जातात. इंदुरात पोहे वाफेवर ठेवतात. पोह्यांची मोठी परात उकळत्या पाण्याच्या भांड्यावर असते आणि त्यामुळे दुकान बंद होईपर्यंत ते मऊ आणि गरम राहतात. त्यात हळद, बडीशेप, थोडी साखर. कच्चा कांदा, कोथिंबीर, शेव, कुठे डाळिंबाचे दाणे, लिंबू आणि जिरावण हे सगळे द्रोणात वरून पडते. जिरावण हा आमचा सार्वत्रिक मसाला. जिरे, धने, बडीशेप, सुंठ, आमचूर, काळे मीठ, हिंग असे बरेच काही त्यात असते. बरोबर गरम जिलबी घ्यायची, आणि पोहे संपल्यावर नव्हे, मधूनमधून. राजवाड्याच्या आसपास पोह्यांवर उसळ घालून देणारीही दुकाने आहेत. ती खाताना सासूबाईंना घरच्यासारखे वाटेल.

छप्पन दुकान हा भाग न्यू पलासियात आहे. तिथे वाहनांना मज्जाव आहे, फरसबंदी आहे, बसायला जागा आहे. गुडघ्यांसाठी सराफ्यापेक्षा तेच बरे. सराफ्यात बहुतेक सगळे शाकाहारी मिळते. छप्पनमध्ये मात्र अंड्याचे आणि मटणाचे पदार्थही आहेत, तेव्हा चालत नसेल तर आधी विचारून घ्या.

चालतीबोलती

रामबागकरांचे उत्तर वाचून भूक लागली, पण गाइडबद्दल त्यांनी दिलेला निकाल मला थोडा घाईचा वाटतो. मी काही वर्षे मुंबईत भुलेश्वर आणि झवेरी बाजार भागात अशा खाऊफेऱ्या नेत असे. आता गुडघ्यांमुळेच सोडले, त्यामुळे शर्वरीताईंच्या सासूबाईंची बाजू मला चांगली कळते.

लोकांना वाटते, की गाइड म्हणजे चांगल्या दुकानांची यादी. यादी तर आता प्रत्येकाच्या फोनमध्ये असते. गाइड ज्याचे पैसे घेतो ते काम मुख्यतः पोट सांभाळण्याचे आहे. आठ माणसांना दहा ठिकाणी खायला घालायचे असेल तर एकेका ठिकाणी प्रत्येकाच्या वाट्याला दोन किंवा तीन घास यायला हवेत. त्यासाठी किती बशा मागवायच्या, त्या कोणत्या क्रमाने यायला हव्यात, तळणीमागून आंबट कधी द्यायचे, गोड मध्येच कुठे सोडायचे आणि कोणत्या ठिकाणी नुसते पाच मिनिटे बसू द्यायचे, हे सगळे आधी ठरलेले असते. फेरीच्या दिवशी मी सकाळीच त्या गल्लीतून एक चक्कर मारत असे, कारण नेहमीच्या एखाद्या गाडीवर त्या दिवशी मालकाऐवजी पुतण्या उभा असला तर चव बदलते आणि तो थांबा गाळावा लागतो. हे काम कुटुंबातले कोणी करणार असेल, म्हणजे कडक शिस्तीने 'चौघांत दोनच' म्हणू शकणारे, तर गाइडची खरोखरच गरज नाही. बहुतेक घरांत असा माणूस नसतो. असला तर बाकीचे त्याचे ऐकत नाहीत.

आता विचारायचे काय. गटात जास्तीत जास्त किती माणसे असतील, हा पहिला प्रश्न. आठच्या पुढे आकडा सांगितला तर मी जाणार नाही, कारण अरुंद गल्लीत नवव्या माणसाला गाइडचा आवाजही ऐकू येत नाही आणि कढईही दिसत नाही. 'किमान दहा पदार्थ' या शब्दांमागे काय आहे, तेही विचारा. पाण्याची बाटली, बडीशेप आणि पान धरून दहा भरवणारे मी पाहिले आहेत. दुकानदारांकडून गाइडला काही मिळते का, हे सरळ विचारायला लाजू नका. जो "हो, अमुक दोन ठिकाणी मिळते, पण ती मी त्यासाठी निवडलेली नाहीत" असे सांगेल त्याच्यावर माझा विश्वास बसेल. जो हात झटकून "छे छे" म्हणेल त्याच्यावर बसणार नाही. फेरीच्या शेवटी फरसाणाच्या किंवा साड्यांच्या मोठ्या दुकानात अर्धा तास काढायचा असेल, तर ती फेरी त्या दुकानाची आहे असे समजा.

आणखी एक. गाइड पदार्थाची गोष्ट सांगताना राजा, साल आणि खानसामा या तिन्ही गोष्टी एका दमात सांगू लागला की कान टवकारावेत. अहिल्याबाईंनी १७६७ ते १७९५ या काळात राज्य केले आणि त्यांची राजधानी महेश्वर होती, ही कागदोपत्री असलेली गोष्ट आहे. अमुक मिठाई होळकरांच्या मुदपाकखान्यात अमुक साली जन्मली, ही बहुधा मागच्या फेरीतल्या कोणाच्या तरी प्रश्नाला दिलेल्या उत्तरात जन्मलेली असते. अशा गोष्टी मीही एक-दोन रचल्या आहेत, म्हणून अधिकाराने बोलते.

हेमंत_नाशिक

माझा अनुभव इंदूरचा नाही, उत्तरेतल्या एका मोठ्या शहराचा आहे, पण मुद्द्याला धरून आहे म्हणून लिहितो. आम्ही आगाऊ पैसे भरून एका फेरीला गेलो. प्रत्यक्षात २२ माणसे निघाली. गाइडच्या कमरेला छोटा ध्वनिवर्धक होता आणि त्यातून इतिहास इतका वाहत होता, की प्रत्येक कचोरी आमच्या हातात पडेपर्यंत निवून गेलेली असे. कढई समोर रटरटत होती, ताजी कचोरी स्थानिक लोक नेत होते, आणि आमच्यासाठी मात्र आधीच तळून कागदात बांधून ठेवलेली चळत निघत होती, कारण २२ जणांची मागणी एकदम पुरवणे त्या हलवायाला शक्य नव्हते. माझ्या मुलाने तिसऱ्या थांब्यावर रडायला सुरुवात केली, आणि आम्ही फेरी सोडून त्याच गल्लीत मागे जाऊन गरम कचोरी विकत घेऊन खाल्ली. पैसे परत मागितले ते मिळाले नाहीत. त्यामुळे गटाच्या आकड्याबद्दल वर जे लिहिले आहे, ते लेखी मागून घ्यावे असे मी म्हणेन.

कढईमागचा

सगळी चर्चा खाणाऱ्यांच्या बाजूने चालली आहे, म्हणून थोडे विकणाऱ्यांच्या बाजूचे. पुण्यात माझ्या मामांची भेळेची गाडी आहे आणि सुट्टीच्या दिवसांत मी तिथे उभा असतो.

फूड वॉकचा गट आला की आमच्या पोटात गोळा येतो. आठ माणसे गाडीसमोर उभी राहतात, दोन भेळा मागवतात, दहा मिनिटे फोटो काढतात, आणि त्या दहा मिनिटांत रोजचे सहा गिऱ्हाईक गर्दी बघून पुढे निघून जाते. गाइड चांगला असेल तर तो गर्दीच्या वेळेच्या आधी येतो, आदल्या दिवशी सांगून ठेवतो आणि घासाघीस करत नाही. असा एकच गाइड आमच्याकडे येतो. त्याच्या माणसांना मामा स्वतःहून चिंचेचे पाणी वेगळे चाखायला देतात आणि त्यात गूळ किती ते सांगतात. दुसऱ्या एकाने मात्र दर माणशी काही कमी करा आणि मला वेगळे द्या असे सुचवले. त्याला मामांनी त्या दिवशी भेळ दिली आणि पुन्हा येऊ नका म्हणून सांगितले.

स्वच्छतेविषयी थोडे लिहितो. इंदूर २०१७ पासून सलग अनेक वर्षे देशातले सर्वांत स्वच्छ शहर ठरले आहे, हे सर्वांना ठाऊक आहे आणि तिथे रस्त्यावर खरोखरच द्रोण पडलेले दिसत नाहीत. पण रस्ता स्वच्छ असणे आणि चटणी ताजी असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. प्रत्येक खाद्यविक्रेत्याला १४ अंकी नोंदणी क्रमांक असतो, तो गाडीवर लावलेला आहे का पाहावे. त्याहून महत्त्वाचे म्हणजे तेल पाहावे. कढईच्या कडेला काळा फेस साचलेला असेल आणि तेलातून धूर येत असेल, तर पदार्थ कितीही प्रसिद्ध असो, पुढे चालू लागावे. पाण्यातून देतात त्या गोष्टी, म्हणजे पाणीपुरी वगैरे, लहान मुलीला पहिल्या दिवशी देऊ नयेत. शेवटच्या रात्री द्याव्यात, म्हणजे काही झालेच तर घरी येऊन होईल.

माहेर_देवास

गुडघ्यांपुरते दोन शब्द. सराफ्यात शनिवार-रविवारी रात्री दहानंतर पाऊल ठेवायला जागा नसते, त्यातून नाताळच्या सुट्टीची गर्दी. मधल्या वारी पावणेनऊच्या सुमारास पोहोचा आणि साडेदहाला निघा. बंद पेढ्यांच्या ओट्यांवर लोक बसून खातात, त्यात कोणाला काही वाटत नाही. शाल किंवा जाड पंचा बरोबर ठेवा, कारण डिसेंबरात दगडी ओटा गार पडलेला असतो. रिक्षा राजवाड्यापर्यंतच न्या, पुढे पायी. सासूबाईंना एका ओट्यावर बसवून तिघांनी पाळीपाळीने आणून द्यावे, हा सर्वांत सोपा मार्ग आहे. आम्ही आईला असेच नेतो. तिच्या मते राणीसारखे खाणे हेच.

शर्वरी_ठाणे

सर्वांचे मनापासून आभार. परत येऊन आठवडा झाला, आता वृत्तान्त देते.

रामबागकरांचा सल्ला मानून सराफ्यासाठी गाइड घेतला नाही. सकाळच्या फेरीसाठी मात्र एक स्थानिक बाई मिळाल्या, आम्ही चौघे आणि आणखी दोघे, एवढाच गट. चालतीबोलतींनी सुचवलेले सगळे प्रश्न मी फोनवर विचारले. दुकानदारांकडून काही मिळते का, या प्रश्नावर त्या हसल्या आणि म्हणाल्या, "पोहेवाला मला माझे पोहे फुकट देतो, तेवढेच." त्यावर मी पैसे पाठवले.

त्यांनी आम्हाला आधी राजवाड्यासमोर उभे केले. खालचे तीन मजले दगडी आणि वरचे चार लाकडी आहेत, हे नुसते वाचलेले वेगळे आणि मान वर करून मोजणे वेगळे. १९८४ साली लागलेल्या आगीबद्दल त्यांनी दोन वाक्यांत सांगितले आणि लगेच पोह्यांकडे नेले. पोहेवाल्याने परात उचलून खालचे उकळते पाणी मुलीला दाखवले. नंतर काच मंदिर पाहिले. सर सेठ हुकुमचंद यांनी बांधलेले हे जैन मंदिर आतून भिंती, खांब, छत असे सगळे काचेने मढवलेले आहे, आणि मुलगी तिथून निघायलाच तयार नव्हती. परतताना त्यांनी दिवसाच्या सराफ्यातून नेले. पेढ्या उघड्या, गाद्यांवर बसलेले सराफ, तराजू. "रात्री इथेच या, या ओट्यावर आजींना बसवा, याच्या समोर गराडूची गाडी लागते," असे सांगून त्यांनी एका पेढीच्या मालकांना तशी विनंतीही करून ठेवली. रात्री आम्ही गेलो तेव्हा तो ओटा झाडून ठेवलेला होता. ६,००० ऐवजी आमचे २,४०० रुपये गेले, आणि रात्रीच्या फेरीचे निम्मे काम त्यातच झाले.

सराफ्यात यजमानांनी 'चौघांत दोन' हा नियम पहिल्या चार ठिकाणी पाळला आणि रबडीच्या समोर मोडला. भुट्ट्याचा किस मुलीने दोनदा खाल्ला. दहीवड्याचा द्रोण हवेत गेला तेव्हा सासूबाईंनी डोळे मिटून घेतले, आणि तो सुखरूप खाली आल्यावर "सांडला असता म्हणजे?" असे त्या माणसालाच मराठीत विचारले. त्याने काय उत्तर दिले ते गर्दीत ऐकू आले नाही, पण त्यांना वर आणखी थोडा मसाला मिळाला. साबुदाण्याच्या खिचडीला पहिल्या घासाला त्या "ही कसली खिचडी, ही तर भेळ" म्हणाल्या. द्रोण मात्र रिकामा परत आला. त्यांनी तो कोणालाही दिला नव्हता.

एक तक्रार आहे. शिकंजीबद्दल इतके बजावूनही यजमानांनी मोठा पेला मागवला आणि रात्री बारा वाजता हॉटेलच्या खोलीत येरझारा घातल्या. यात रामबागकरांचा दोष नाही.

आता नवा प्रश्न. येताना मी बाजारातून दोन किलो कच्चे गराडू आणि मसाल्याची पुडी आणली. काल सोलून, तुकडे करून एकदम मोठ्या आचेवर तळले. वरून करपले आणि आतून कच्चे राहिले. हाताला खाज सुटली ती वेगळीच. उरलेले दीड किलो वाया जाऊ नये म्हणून विचारते, माझे नेमके काय चुकले?

रामबागकर

आच चुकली. हाताला आधी तेल चोळून मग सोला. तुकडे पाण्यात टाकून ठेवा आणि तळण्यापूर्वी फडक्यावर पूर्ण कोरडे करा. पहिल्यांदा मंद आचेवर, सुरी सहज आत जाईपर्यंत तळायचे, रंग येऊ द्यायचा नाही. मग बाहेर काढून पूर्ण निवू द्या. दुपारी एवढे करून ठेवलेत तरी चालते. संध्याकाळी तेल कडकडीत तापवून दुसऱ्यांदा तळा, दोन-तीन मिनिटांत खरपूस होतात. मसाला आणि लिंबू कढईतून काढल्या काढल्याच घालायचे, निवल्यावर ते चिकटत नाही. आणि पुडीतला मसाला जपून वापरा, आमच्याकडचा हात तुमच्या मुलीला तिखट पडेल.